वहिनींचा अर्धा मीटर

तबकडीभाऊंचं घर आणि माझं घर यांच्यामध्ये एकच भिंत, आणि तीही अशी पातळ की भाऊ शिंकले की आमची ही इकडून "जरा हळू" म्हणायची. तेव्हा पुढे जे सांगतोय ते ऐकीव आहे असं कुणी म्हणू नये. मी ते नीट कान लावून ऐकलेलं आहे.

आमची गल्ली उतरत उतरत तळ्यापर्यंत जाते आणि तिथेच संपते. शेवटचं दुकान माझं, इस्त्रीचं. लोकांचे कपडे हातात आले की लोकांची माहितीही आपोआप येते, मुद्दाम चौकशी करावी लागत नाही. केली तर ती हौस म्हणून. गल्लीने मला भोंगा हे नाव दिलंय. तबकडीभाऊंचं नाव मात्र मी ठेवलेलं. ते पाणीपुरवठा खात्यात तळं मोजायच्या कामावर होते. तळं मोजायचं म्हणजे काय, हे गल्लीत कुणालाच धड माहीत नव्हतं. दिसायचं ते एवढंच, की दर गुरुवारी सकाळी दहा वाजता हा माणूस दोराला बांधलेली लोखंडी तबकडी खांद्यावर टाकून होडीकडे चाललाय. गल्लीत नव्याने राहायला आलेले एक आजोबा एकदा जुन्या गाण्यांच्या तबकड्या मिळतील का म्हणून त्यांच्या दारात जाऊन उभे राहिले होते. पाठवलं मीच होतं.

तबकडी जेवणाच्या ताटाएवढी. तिचे चार भाग, दोन काळे, दोन पांढरे. दोराला दर अर्ध्या मीटरवर गाठ. होडी कड्याखालच्या खोल डोहावर न्यायची, तिच्या सावलीच्या बाजूला वाकायचं आणि तबकडी पाण्यात सोडत जायची. ती दिसेनाशी झाली की थांबायचं आणि गाठी मोजायच्या. पाणी जितकं नितळ, तितकी ती खोलवर दिसणार. झालं काम.

"एवढ्यासाठी तुम्हाला पगार देतात?" मी एकदा विचारलं.

"अरे भोंग्या, डॉक्टर तुला फक्त जीभ बाहेर काढायला सांगतो. त्याला पैसे देतोस की नाही?"

मग त्यांनी मला दुकानाच्या फळीवर, खडूच्या तुकड्याने, तळं काढून दाखवलं. कोपरात वाकवलेल्या हातासारखं आहे ते. खांद्याच्या बाजूने नदी आत येते, पण थेट येत नाही. आधी कोसभर लव्हाळ्यांतून आणि पाणकणसांतून गाळून घेतली जाते. तिथे तिचा गाळ बसतो, शेतांतून वाहून आलेलं खत तिथली झाडं पिऊन टाकतात, आणि नदी तळ्यात शिरते ती हातपाय धुऊन घरात आल्यासारखी. पंजाच्या बाजूला सांडवा, तिथून पाणी बाहेर. कोपराशी कडा, आणि त्याच्याखाली चौतीस मीटर खोल डोह. उन्हाळ्यात वरचं पाणी ऊन आणि खालचं गार, दोघांचं एकमेकांशी बोलणं बंद. थंडी पडली आणि वारा सुटला की वरचं खाली, खालचं वर. भाऊ म्हणायचे, तळं कूस बदलतं. हिरवं शेवाळ इतकं बारीक की डोळ्याला दिसत नाही, ते खायला पाणपिसवा म्हणजे टाचणीच्या डोक्याएवढे पाण्यातले किडे, त्यांना खायला बोटाएवढे मासे, त्यांना खायला मोठे मासे, आणि मोठ्यांना खायला तू, असं म्हणून त्यांनी माझ्या पोटात खडू टोचला.

होडी वल्हवायच्या वहिनी. खात्यात होडीवाल्याची जागा होती, पण ती भाऊ लागायच्या आधीच रिकामी झालेली, आणि "लवकरच भरू" असं खात्याने जे सांगितलं ते सांगणारे तीन साहेब निवृत्त झाले तरी जागा रिकामीच. लग्नानंतरच्या पहिल्याच गुरुवारी वहिनी म्हणाल्या, मी येते. तेव्हापासून त्याच. त्यांचे दंड असे घट्ट झाले की गल्लीतल्या सगळ्या बरण्यांची अडकलेली झाकणं त्यांच्याकडे जायची. एकदा मी त्यांच्या वल्हवण्याची नक्कल केली तर त्यांनी माझा कान धरला. तो संध्याकाळपर्यंत गरम होता, त्याच्याने दोन रुमाल इस्त्री झाले असते.

पाण्यावरून आवाज लांबवर येतो. गुरुवारी वारा नसला की मी दुकानात इस्त्री बाजूला ठेवून ऐकत बसायचो.

"गेली."

"कुठे गेली? आहे की."

"अगं, गेली म्हणतो ना!"

"तुमची गेली असेल. मला अजून दिसतेय."

दर आठवड्याला हेच. भाऊंना साडेसहा मीटरवर गेली की वहिनींना सातवर. न चुकता एक गाठ जास्त. भाऊ म्हणायचे ही मुद्दाम करते. मग एकदा खात्यातले जुने मोठे साहेब तपासणीला होडीत बसले. त्यांनी स्वतः वाकून पाहिलं आणि वहिनींच्याच गाठीवर बोट ठेवलं. "बाईंची नजर खरी," ते म्हणाले, आणि नोंदवहीच्या त्या पानावर सही केली. त्या दिवसापासून वहीत वहिनींचा आकडा जायचा आणि खाली सही भाऊंची. भाऊंना त्याचा राग नव्हता. उलट कुणी विचारलं की म्हणायचे, "माझं काम दोर धरायचं. बघते ती."

पंचवीस वर्षं असं चाललं. चार वर्षांपूर्वी वहिनींना ताप आला. दोन गुरुवारांच्या मधल्या आठवड्यात सगळं संपलं. पुढच्या गुरुवारी सकाळी दहा वाजता भाऊ तबकडी खांद्यावर टाकून निघाले, एकटे. त्यांना वल्हवता येत नव्हतं. पंचवीस वर्षं होडीत बसलेल्या माणसाला वल्ही धरता येत नव्हती. होडी काठाजवळच गोल गोल फिरत राहिली. मी दुकानातून ओरडलो, "भाऊ, तळं मोजायचंय, दळायचं नाही!" काठावरची माणसं हसली. भाऊही हसले असावेत, लांबून कळलं नाही. पुढे महिन्याभरात एकटेच धडपडत कसंबसं वल्हवायला शिकले.

त्यानंतर त्यांचे डोळे सारखे ओले असायचे. शर्टाच्या उजव्या बाहीला रोज एक डाग, डोळे पुसल्याचा. मला कपड्यांवरून कळतं. मी तो डाग काढून द्यायचो आणि वर टोमणाही मारायचो. एकदा ते म्हणाले, "अरे, हल्ली भिंती पिवळट दिसतात का रे?" मी म्हटलं, "भिंती नाही हो, तुमच्या डोळ्यांत फूल पडलंय. रडून रडून आंधळे होणार तुम्ही. मग तबकडी मी बघतो आणि तुम्ही इस्त्री करा." ते हसले नाहीत. म्हणाले, "खरंच दिसतं का तसं? बाहेरून?" मी म्हटलं, "आरशात बघा ना. दिसलं तर." आणि स्वतःच्याच विनोदावर मी इतका हसलो, की समोरच्या गिऱ्हाइकाची बाही जळता जळता वाचली.

हे मी विसरूनही गेलो होतो. माझ्या तोंडून दिवसाला असे पन्नास निघतात.

मधल्या काळात गावाने तळ्याकाठी फिरायचा रस्ता करायचं ठरवलं. लव्हाळ्यांत चिखल असतो, डास असतात, बाकं टाकायला जागा नाही. तेव्हा ती काढून भराव टाकायचा. सभा झाली. मासेवाली उठून म्हणाली, "लव्हाळी काढू नका. गेली दोन-तीन वर्षं जाळ्यांना हिरवा चिकटा येतोय. हाताला वास राहतो." तिच्या नवऱ्याची होडी, तिची टोपली, तळ्यावरच घर चालायचं तिचं. सभेतल्या साहेबांनी खात्याकडून आलेला कागद काढला. पाण्याचा नितळपणा: साडेसहा मीटर, सहा मीटर, साडेसहा. वर्षानुवर्षं तोच. "आकडे बघा," ते म्हणाले, "तळं ठणठणीत आहे." मासेवालीने मागे वळून भाऊंना विचारलं, "भाऊ, तुम्ही सांगा. तुम्ही रोजचे." भाऊ उभे राहिले. म्हणाले, "ताई, आकडा तसाच आहे." ती खाली बसली. त्यांच्या शब्दापुढे तिचं कधी काही म्हणणं नसायचं.

थंडीत लव्हाळी निघाली. बाकं आली. पहिल्या बाकावर पहिल्यांदा मी बसलो आणि शेंगा खाल्ल्या.

मग हा उन्हाळा. असा उन्हाळा की झाडाचं पान हलेना. एका सोमवारी भाऊ दुकानात आले आणि शर्ट द्यायच्या ऐवजी त्यांनी माझ्या हातात टोपी दिली. शर्ट डोक्यावर होता. आता मात्र मी ठरवलं की या माणसाला डोळ्यांच्या डॉक्टरकडे न्यायचंच. सरळ सांगून ते येणार नव्हते. चार वर्षं मी सांगत होतो आणि ते विषय बदलत होते. डोळे गेले म्हणून कागदावर आलं की खातं होडीवरून उतरवणार, ही त्यांची भीती. निवृत्तीला सव्वा वर्ष उरलेलं. म्हणून मी खोटं बोललो. म्हटलं, माझेच डोळे दाखवायचेत, सोबत या, मला भीती वाटते. दवाखान्यात आधीच नाव त्यांचं देऊन ठेवलं होतं. नाव पुकारलं आणि मी त्यांना पाठीत ढकललं.

डॉक्टरीणबाईंनी दिवा मारला, थेंब टाकले, भिंतीवरची अक्षरं वाचायला लावली. भाऊंनी सगळ्यात खालची, मुंगीएवढी ओळ वाचली. अडखळले नाहीत.

"काही नाही," बाई म्हणाल्या. "वयाच्या मानाने फार छान नजर आहे. डोळ्यांतून पाणी येतं ते नळी जरा बुजलीय म्हणून, थेंब देते. जवळचं वाचायला चष्मा लागेल, बस."

"मोतीबिंदू?" भाऊंनी विचारलं.

"नाही."

"फूल?"

"नाही हो."

"लांबचं कमी दिसतं मला. चार वर्षं."

"लांबचं तुम्हाला माझ्यापेक्षा चांगलं दिसतंय, काका."

मी टाळी वाजवली. म्हटलं, चला, चहा माझ्याकडून! वळून बघतो तर भाऊंचा चेहरा धुऊन धुऊन पांढऱ्या पडलेल्या कापडासारखा. त्यांनी खुर्चीचा हात धरला होता. मला वाटलं थेंबांनी चक्कर आली असेल.

बाहेर आल्यावर ते म्हणाले, "तुला वल्हवता येतं?"

"येतं थोडं. का?"

"चल."

सोमवार होता, गुरुवार नव्हता. दुपारचे बारा वाजलेले. मी वल्हवत होतो आणि बडबडत होतो. कड्याखाली आल्यावर त्यांनी तबकडी सोडली. एक गाठ, दोन गाठी. मीही वाकून बघत होतो, हौसेने. इतक्या वर्षांत तबकडी पाण्यात जाताना मी जवळून कधी पाहिली नव्हती. तीन, चार. पाचव्या गाठीला पांढरा भाग हिरवा झाला आणि पुसला गेला.

"तुला दिसतेय?"

"नाही."

"नीट बघ."

"नाही हो भाऊ. गेली."

अडीच मीटर. मला त्यातलं काही कळत नव्हतं. मी म्हटलं, "बरं मग? गेल्या गुरुवारी किती होती?"

"दिसली होती अडीचलाच. लिहिली सहा."

होडी हळूहळू वळत होती. मी वल्ही आत घेतली.

"पहिला अर्धा मीटर तिचा होता," भाऊ म्हणाले. ते माझ्याशी बोलत नव्हते, दोराशी बोलत होते. "वहीतले सगळे आकडे तिच्या नजरेचे. ती गेल्यावर मी माझ्या नजरेचा आकडा टाकला असता तर तळं एकदम अर्ध्या मीटरने गढूळ झाल्यासारखं दिसलं असतं. खोटंच ते. म्हणून एक गाठ वाढवून लिहायचो. तिला दिसली असती तेवढी. ते चूक नव्हतं ना रे?"

"नाही," मी म्हटलं.

"मग मला सहाला जायला लागली. मग साडेपाचला. मला वाटलं, डोळे. सारखं पाणी यायचं डोळ्यांत. सगळंच धुरकट दिसायचं तेव्हा. पाणीसुद्धा हिरवट दिसायचं, पण मला भिंतीही पिवळट दिसायच्या. तळं कशाला बदलेल? तळं बदललं असतं तर तिला आधी कळलं असतं. म्हणून दोन गाठी वाढवल्या. मग तीन. दर वेळी विचार करायचो, तिला कितीवर दिसली असती? आणि तेवढं लिहायचो. मला वाटायचं, मी तिचं बघणं चालू ठेवलंय."

"आंधळे होणार तुम्ही" हे कुणी म्हटलं होतं ते मला त्या होडीत आठवलं, शब्दन् शब्द, आणि मी कसा हसलो होतो तेही.

भाऊंनी दोर गुंडाळला. "उद्या परत बघू," ते म्हणाले. "ऊन वेगळं असेल. आणि परवा. तीनदा बघितल्याशिवाय ऑफिसात सांगायला नको."

मंगळवारी अडीच. बुधवारी दोन. त्या तीन दिवसांत वारा कसला तो नव्हता. पाण्यावर हिरवी साय आली होती, आणि बुधवारी ती काही ठिकाणी पिवळी पडून कुजायला लागली. "हे वाईट," भाऊ म्हणाले. शेवाळ मेलं की ते कुजताना पाण्यातली हवा ओढून घेतं, वारा नाही म्हणून वरून नवीन हवा मिसळत नाही, एवढं त्यांनी मला सांगितलं. पुढचं सांगितलं नाही.

पुढचं गुरुवारी सकाळी सगळ्यांनी पाहिलं. मी दुकान उघडायला गेलो तेव्हा फिरायच्या रस्त्यावर माणसं उभी होती. पाण्याच्या कडेने, जिथवर नजर जाईल तिथवर, माशांची पांढरी पोटं. बोटाएवढी, हाताएवढी, मांडीएवढी. काही मासे अजून जिवंत होते. तोंडं पाण्याबाहेर काढून उघडमीट करत होते, हवा मिळेना. मासेवाली गुडघाभर पाण्यात उतरली होती आणि एकेक उचलून उगाचच खोल पाण्यात ढकलत होती. तो परत वर यायचा, पोट वर करून. ती परत ढकलायची. तिच्या नवऱ्याने तिला दंडाला धरून बाहेर आणलं.

भाऊ तबकडी घेऊन आले. गुरुवार होता, दहा वाजत आले होते. मासेवालीने त्यांच्याकडे पाहिलं.

"भाऊ," ती म्हणाली, "आम्ही जाळी दाखवत होतो. तुम्ही आकडा दाखवत होतात."

तिला तेव्हा काहीच माहीत नव्हतं, तरी म्हणाली. भाऊंनी होय म्हटल्यासारखी मान हलवली आणि तसेच वळून ऑफिसच्या वाटेला लागले. मी दुकान उघडं टाकून मागे गेलो.

ऑफिसात सध्या अधिकारी बाई आहेत, तिशीतल्या, हुशार, उन्हाने रापलेल्या. टेबलावर नमुन्याच्या बाटल्या, खिडकीत मोजपट्ट्या, भिंतीवर तळ्याचा नकाशा. भाऊ उभे राहूनच सगळं बोलले. पहिल्या अर्ध्या मीटरपासून. बाईंनी मध्ये एकदाही अडवलं नाही. शेवटी त्यांनी चार वर्षांच्या वह्या काढल्या आणि पानं उलटत राहिल्या.

"काका, या आकड्यांवर लव्हाळी काढायची परवानगी दिली आम्ही," त्या म्हणाल्या. "खरे आकडे असते तर मी स्वतः अडवली असती. तपासायला बाटल्या जायच्या त्या नळाला सोडतो त्या खोलातल्या पाण्याच्या. वरचं तळं बघायला फक्त तुम्ही होतात."

"हो."

बाई उठल्या, दार लोटून आल्या आणि आवाज खाली आणून म्हणाल्या, "तुमची तीस वर्षं झालीत. सव्वा वर्ष राहिलंय. मी असं लिहिते, की दोर जुना झाला, गाठी सरकल्या, मोजमाप चुकलं. साधनात दोष. कुणाचं नाव नको. नवीन यंत्र येणारच आहे."

मी भाऊंना कोपराने ढोसलं. घ्या ना, हो म्हणा! देव भेटलाय!

"दोर कधीपासूनचा आहे, ते लिहावं लागेल?" भाऊंनी विचारलं.

"लिहावं लागेल. का?"

"दोर पहिल्या दिवसापासून हाच आहे."

बाईंना कळायला क्षणभर लागला. मला तर त्यांच्या तोंडाकडे बघूनच कळलं. दोर खोटा ठरला की त्या दोराने मोजलेलं सगळंच खोटं. चार वर्षं नव्हे, तीसच्या तीस.

"गाठी सरकलेल्या नाहीत," भाऊ म्हणाले. "मोजून बघा. चार वर्षांचे आकडे मी चुकवलेत, माझ्या हाताने. त्याआधीचे खरे आहेत. ते तिचे आहेत."

"त्यांची नेमणूक नव्हती, काका. तेही नियमाबाहेरचंच झालं."

"नेमणूक नव्हती. पगारही नव्हता. पण मोठ्या साहेबांची सही आहे त्या पानावर, त्यांनी स्वतः बघून केलेली. काढू का पान?" त्यांना पान शोधावं लागलं नाही. कपाटातली जुनी वही हातात घेतली आणि उघडली ती तिथेच. "माझं नाव लिहा. चूक कशी झाली तेही लिहा. फक्त आधीच्याला हात लावू नका. या तळ्याचं चांगलं पाणी कसं होतं ते दुसरीकडे कुठे लिहिलेलं नाही. तळं परत बरं करायचं झालं तर कुठवर करायचं, ते कशावरून कळणार तुम्हाला?"

बाईंनी पेन उचललं, ठेवलं, परत उचललं. लिहिताना त्यांनी वर पाहिलं नाही.

आठवड्याने खात्याच्या फाटकावर कागद लागला, भाऊंच्या नावासकट. त्यांना कामावरून कमी केलं. गल्लीत हे मला सांगावं लागलं नाही. पहिल्यांदाच एक बातमी माझ्याशिवाय पोचली. कुणी तोंडावर काही म्हटलं नाही. मासेवालीच्या नवऱ्याने होडी विकली आणि तो दुसऱ्या गावी कामाला गेला. ती टोपली घेऊन आमच्या गल्लीतून जायची ती आता वरच्या रस्त्याने वळसा घालून जाते, टोपलीत भाजी असते. एकदा तिने माझ्याकडे कपडे टाकले तेव्हा मी तिला वहिनींच्या अर्ध्या मीटरचं सांगायला गेलो. "माहीत आहे," ती म्हणाली. "वाईट वाटतं त्यांचं. पण मला त्यांच्याशी बोलवत नाही."

भाऊ पायरीवर बसून असतात. तळ्याकडे पाठ करून, गल्लीच्या चढाकडे तोंड करून. डॉक्टरीणबाईंच्या थेंबांनी डोळ्यांतलं पाणी थांबलंय. मीच एक दिवस शेजारी जाऊन बसलो आणि सांगून टाकलं. म्हटलं, "भाऊ, डोळ्यांत फूल पडलंय असं मी म्हटलं होतं. मस्करी होती हो ती. तुम्ही ती खरी धरलीत ना?"

ते म्हणाले, "तू नसतं म्हटलंस तरी मला तसंच वाटलं असतं. मला तसंच वाटून घ्यायचं होतं." आणि थोड्या वेळाने, "पण म्हणायला नको होतंस." मग आम्ही दोघंही चढाकडे बघत बसलो.

पावसाळा संपल्यावर खात्याने फिरायच्या रस्त्यावर मोठा फलक लावला. भराव उकरून लव्हाळी परत लावणार आहेत, त्याची माहिती, आणि खाली तीस वर्षांच्या मोजमापाची रेघ. अधिकारी बाई स्वतः भाऊंना सांगायला आल्या होत्या, बघायला चला म्हणाल्या. भाऊ गेले नाहीत. मी गेलो. रेघ वर-खाली होत, पण एकूण सातच्या आसपास, पंचवीस-सव्वीस वर्षं छान चालत येते आणि चार वर्षांपूर्वी एका उन्हाळ्यात तुटते. पुढे कोरी जागा. मग अगदी उजव्या टोकाला, खूप खाली, नव्या यंत्राचे दोन-तीन ठिपके.

परत आलो तर भाऊ पायरीवरच.

"कुठवर काढलीय रेघ?"

"वहिनींच्या शेवटच्या गुरुवारपर्यंत."

"आणि मग?"

"मग काही नाही. कोरं."

"कोरंच आहे ना? मधल्या जागेत बारीक टिंबं टिंबं काढून जोडून नाही ना घेतलं? असं करतात कधीकधी, चांगलं दिसावं म्हणून."

"नाही हो. अगदी कोरं."

ते उठले, भिंतीला हात लावून, सावकाश. दारात थांबले.

"पुढे कधी कुणी जोडायला निघालं तर मला सांग," ते म्हणाले. "नाहीतर तूच सांग त्यांना. जोडू नका म्हणावं."